सगळे मिळून एक

आडबंदरच्या किनाऱ्यावर ‘एर्गोडिक’ हा शब्द पहिल्यांदा उच्चारला गेला, तेव्हा आबा गिरकरांनी विचारलं, “ह्या इंजिन खंयच्या कंपनीचा?”

शेडमध्ये बसलेले सगळे तांडेल, म्हणजे होड्या चालवणारे, खो खो हसले. अक्षता कुबलही हसली. खरं तर हसण्यावारी नेण्यासारखी गोष्ट नव्हती, पण ज्यांच्या कडेवर बसून आपण समुद्र पाहिला त्या माणसांपुढे घाबरलेला चेहरा घेऊन उभं राहायचं तिच्या जिवावर आलं होतं. आबा मच्छीमार सोसायटीचे चेअरमन. अक्षता गावचीच मुलगी, कणकवलीच्या कॉलेजात भौतिकशास्त्र शिकवणारी. ती रविवारची सुट्टी साधून आली होती ती सल्लेबुवांची तक्रार घेऊन.

सल्लेबुवा म्हणजे कोणी माणूस नव्हे. त्या यंत्रणेचं कागदोपत्री नाव हातभर लांब होतं, ते कोणाच्या तोंडात बसेना, म्हणून गावाने आपल्या परीने बारसं उरकून घेतलं होतं. शेडजवळ एक खांब, खांबावर भोंगा, एवढंच त्याचं दिसणारं रूप. समुद्रात सोडलेले तरंगते मापक, वरून फिरणारे उपग्रह, होडीहोडीवर बसवलेल्या डब्या, या सगळ्यांची माहिती कुठल्याशा दूरच्या संगणकात जायची आणि रोज फटफटायच्या सुमारास सल्लेबुवा प्रत्येक होडीचं नाव घेऊन एकच शब्द बोलायचे. ‘जा’ किंवा ‘थांबा’. गाव तो शब्द पाळायचं.

त्याची गरज पडली होती हे मात्र खरं. समुद्र पूर्वीचा राहिला नव्हता. पाणी तापलं तशी तारली आणि बांगडा किनाऱ्याकडे फिरकेनासे झाले. गावाची पिढ्यान्‌पिढ्यांची रापण, म्हणजे सगळ्यांनी मिळून किनाऱ्यावरून ओढायचं ते भलंमोठं जाळं, रिकामं येऊ लागलं आणि शेवटी शेडच्या आढ्याला जाऊन बसलं. माशांसाठी होड्यांना लांब खोल पाण्यात जाणं भाग पडलं. तिथे वाऱ्याची तऱ्हाही बदललेली. पूर्वी आभाळ आधी कळवायचं. आता लख्ख उन्हात अर्ध्या तासाच्या आत वारा उठायचा आणि लहान होडीला उलटीपालटी करून निघून जायचा. तो नेमका कुठे उठेल हे सल्लेबुवांनाही कळत नसे. त्यांना कळायची ती फक्त शक्यता.

यंत्रणा बसवायला पुण्याहून शुभंकर देव नावाचा अभियंता आला होता. माणूस सालस, शिकलेला, उन्हाने लाल झालेला. त्याने गावाची वाटणीची पद्धत पाहिली आणि तो थक्क झाला. रापण गेली होती, पण रापणीचा कायदा गेला नव्हता. कुठल्याही होडीने आणलेली मासळी किनाऱ्यावर एकाच ढिगात पडायची आणि ढिगाचे सारखे वाटे व्हायचे. एवढंच नव्हे, ज्या घरचा माणूस दर्याने नेला त्या घराचा वाटाही बंद पडायचा नाही. त्याला ‘मागचा वाटा’ म्हणायचे, आणि तो सगळ्यात आधी काढायचे.

“सायेब, आमच्यात तुझा-माझा नाय,” आबांनी त्याला छाती फुगवून सांगितलं होतं. “एक होडी भरली तरी सगळ्यांची चूल पेटता, एक रिकामी इली तरी सगळ्यांची पेटता. आमी सगळे मिळान एक.”

“म्हणजे हिशेबात अख्खं गाव एक धरायचं? सगळ्या होड्या मिळून एकच?” शुभंकरने विचारलं.

आबांनी अक्षताकडे पाहिलं. असल्या प्रश्नांसाठी तर तिला मुद्दाम बोलावलं होतं. तिला आपल्या गावाचा त्या क्षणी फार अभिमान वाटला. ती म्हणाली, “हो. तसंच धरा.”

आणि यंत्रणेत तसंच धरलं गेलं.

पुढची वर्षं भरभराटीची गेली. जुन्या तांडेलांनी ज्या दिवशी होडीला हात लावला नसता अशा दिवशीही सल्लेबुवा ‘जा’ म्हणायचे, आणि होड्या भरून यायच्या. सुरमई, घोळ, कधी नव्हे तो मोठा हलवा. घरांवर नवी कौलं चढली. मधल्या काळात मेस्तांची होडी गेली, दोन माणसं गेली. गाव रडलं, आणि दुसऱ्याच दिवशी दोन्ही दारांत मागचा वाटा पोचता झाला. शुभंकरच्या अहवालात लिहिलं होतं की अपेक्षेपेक्षा नुकसान कमीच आहे. अक्षताने तो वाचून मान हलवली होती. गणित चुकलेलं नव्हतं.

ते चुकलंय असं तिला कळलं ते वर्गात, खडू हातात असताना.

ती एर्गोडिक हे विशेषण शिकवत होती. ग्रीक भाषेतल्या ‘काम’ आणि ‘वाट’ अशा अर्थाच्या दोन शब्दांवरून ते जुळवलं आहे असं म्हणतात, आणि वर्षानुवर्षं मुलं ते पाठ करून परीक्षेत लिहून विसरून जातात. तिने फळ्यावर एक चौकोन काढला, त्यात ठिपके काढले. “ही बंद खोली. हे हवेचे रेणू. या रेणूंचा सरासरी वेग काढायचा आहे, तर दोन मार्ग आहेत. एक, सगळ्यांकडे एकदा बघा. दोन, एकाच रेणूच्या मागे लागा आणि त्याच्याकडे खूप काळ बघत राहा. तो धडका घेत घेत सगळीकडे फिरेल, कधी जोरात जाईल, कधी हळू. दोन्ही मार्गांनी उत्तर एकच आलं, गर्दीची सरासरी आणि एकट्याच्या दीर्घ आयुष्याची सरासरी सारखी निघाली, तर ती व्यवस्था एर्गोडिक. आपण भौतिकशास्त्रवाले हे खुशाल गृहीत धरून मोकळे होतो. गणितवाले इतके भाबडे नसतात. ते म्हणतात, आधी सिद्ध करा. त्या व्यवस्थेत असा एखादा कोपरा नाही ना, की जिथे एकदा गेलं की बाहेर येता येत नाही? असेल तर हे विशेषण लावायचं नाही.”

मागच्या बाकावरच्या मुलीने हात वर केला. “मॅडम, आणि खोलीची खिडकी उघडी असली तर? तो रेणू बाहेरच गेला तर?”

“तर तो परत येणार नाही,” अक्षता म्हणाली. “मग त्याची सरासरी—”

ती थांबली. तिने खडू खाली ठेवला आणि तास लवकर सोडला.

होड्यांच्या गर्दीकडे एका दिवशी बघितलं तर समुद्र चांगला होता. समजा शंभर होड्या जातात, बहुतेक दिवशी शंभरही भरून येतात, क्वचित एखादी येत नाही. ढीग मोठा होतो, सगळ्यांची चूल पेटते. पण कुठलाही तांडेल शंभर होड्यांतून एकाच दिवशी जात नाही. तो एकाच होडीतून रोज जातो. एका सकाळी शंभर माणसांनी घेतलेला धोका आणि एका माणसाने शंभर सकाळी घेतलेला धोका सल्लेबुवांच्या हिशेबात सारखाच होता. मासळी वाटता येत होती म्हणून गावाने मानलं की मरणही वाटलं जातं. आणि हे गावाने स्वतःच्या तोंडाने सांगितलं होतं, तिने त्यावर ‘हो’ म्हटलं होतं. आणि त्या होड्यांपैकी एक तिच्या सख्ख्या भावाची होती.

म्हणून ती त्या रविवारी शेडमध्ये उभी होती. हसणं ओसरल्यावर तिने जमेल तेवढं सोपं करून सांगितलं. प्रत्येक होडीचा हिशेब वेगळा धरायला सांगूया, म्हणाली.

आबांचा चेहरा उतरला. “म्हणजे आमी एक नाय, असा लिवन द्यावचा?”

“हिशेबापुरता, आबा.”

“हिशेबापुरता काय नि खऱ्यापुरता काय! आज हिशेब वेगळो, उद्या ढीग वेगळो. मगे मेस्ताच्या पोरींच्या दारात मागचो वाटो कोण टाकतलो? तू?”

बैठक मोडली. बाहेर वाळूवर तिचा थोरला भाऊ प्रथमेश जाळं शिवत बसला होता. चाळिशी ओलांडलेला, खांद्याने रुंद, बहिणीला आजही ‘बाय’ म्हणणारा.

“मी काय म्हणतंय ता तुका तरी पटता काय, दादा?”

“माका काय कळना नाय तुझा ता गणित,” तो सुई न थांबवता म्हणाला. “पण तू भियालंस ता दिसता. माझ्या होडीचा कर काय करूचा ता. तुझ्या समाधानाक.”

शुभंकरला फोन केला तेव्हा त्याने आढेवेढे घेतले नाहीत. तो म्हणाला, “मॅडम, तुमचं बरोबर आहे. एकट्या होडीचा हिशेब मांडता येतो. फक्त उत्तर काय येईल ते मला आधीच माहीत आहे, आणि ते तुम्हाला आवडणार नाही.”

प्रयोग म्हणून प्रथमेशची होडी गावापासून तोडली गेली. दोन्ही बाजूंची संमती लागायची, होडीवाल्याची आणि गावाची जाणकार म्हणून अक्षताची. ती दोघांनी दिली. दुसऱ्या दिवशी भोंगा सगळ्यांना ‘जा’ म्हणाला. प्रथमेशला म्हणाला, ‘थांबा’.

त्याच्या पुढच्या दिवशीही ‘थांबा’. आठवडाभर ‘थांबा’. समुद्र ताटासारखा सपाट पडलेला, आभाळात ढग नाही, आणि सल्लेबुवा आपले ‘थांबा’च म्हणतायत. पोरांना ती गंमत झाली. प्रथमेश दिसला की ती भोंग्याच्या आवाजात ‘थांबा, थांबा’ करायची. अक्षताने पुन्हा फोन लावला.

“बिघडलंय का काही?”

“नाही,” शुभंकर म्हणाला. “मी तेच सांगत होतो. एका दिवसाचा धोका अगदी थोडा आहे. पण तो रोज आहे, आणि बुडालेली होडी दुसऱ्या दिवशी डाव मांडायला परत येत नाही. पोटापुरतं मिळवायला जितक्या वेळा जावं लागतं तितक्या वेळा जाणारा तांडेल या समुद्रात म्हातारा होत नाही. एकट्या माणसाला जगण्यासाठी हा समुद्र आता उरलेला नाही, मॅडम. गाव म्हणूनच तो परवडतो.”

“हे तुम्ही कुणाला सांगितलंत?”

“कुणी विचारलं नव्हतं.”

तिला त्याचा राग आला, आणि लगेच लाजही वाटली, कारण विचारायला तिलाच तर बोलावलं होतं.

ती प्रथमेशला म्हणाली, “दादा, दर्या सोड. कणकवलीत चल. माझ्याकडे रव. काय तरी बघूया.”

“काय बघूया? तुझ्या कॉलेजाच्या गेटार बसान शिट्टी वाजवू?” तो हसला, पण ते हसणं त्याच्या डोळ्यांपर्यंत गेलं नाही. बापजाद्यांपासून हाडात मुरलेलं काम सोडून माणूस काय करणार, हे तिलाही सांगता येईना. कणकवलीत असे समुद्र सोडून आलेले कितीतरी होते. बाजारात हमाली करत, संध्याकाळी पिऊन पडत.

खरी अडचण मासळीची नव्हती, वाट्याची होती. प्रथमेश गेला नाही तरी संध्याकाळी त्याचा वाटा घरी यायचाच. कायदा तो कायदा. पहिले काही दिवस त्याने तो घेतला. मग तो मागच्या दाराने बाहेर जाऊ लागला, आणि वाटा घ्यायला बायको, दीक्षा, पुढे व्हायची. ज्यांनी जीव धोक्यात घालून मासळी आणली त्यांच्या हातून धडधाकट माणसाच्या घरात ती घ्यायची, हे तिला मेल्याहून मेल्यासारखं व्हायचं. कोणी काही बोलत नसे. बोलले असते तर बरं झालं असतं.

महिन्याभराने दीक्षा स्वतः एसटीने कणकवलीला आली. कधी न येणारी बाई दारात उभी बघून अक्षताने हातातलं काम टाकलं.

“वन्सं, ता काय केलात ता पुसून टाका. तो तुमका सांगूचो नाय.”

“वैनी, तो जिवंत ऱ्हवाचो म्हणान मी—”

“जिवंत?” दीक्षा म्हणाली. “तो जेवना नाय. कोणाशी बोलना नाय. होडयेत जाऊन बसता, किनाऱ्यार, कोरड्या होडयेत. मी घोव घरात ठेवलंय की मडा ठेवलंय, माकाच कळना नाय. माका तो तसो नको. जाऊ दे तेका.”

अक्षताने तिला शंभर सकाळी आणि एक माणूस हे सगळं पुन्हा सांगितलं. दीक्षाने ते नीट ऐकून घेतलं. तिला ते कळलंही.

“कळला माका,” ती म्हणाली. “पण तुमचा गणित तो कधी जातलो ता सांगता काय? नाय ना? मगे तोपर्यंत तरी माका माझो माणूस होयो.”

दीक्षा चहा न पिता बसून राहिली. शेवटी अक्षताने फोन उचलला आणि आपल्या हाताने संमती मागे घेतली. प्रथमेशची होडी पुन्हा गावात आली.

दुसऱ्या दिवशी भोंगा म्हणाला, ‘जा’.

तो गेला आणि आला. सुरमईने होडी भरलेली, अंगावर मीठ, चेहऱ्यावर जुनं हसू. त्याने फोन करून पहिलं काय म्हटलं असेल तर, “बाय, इलंय बघ मी! खंय गेला तुझा गणित?” ती हसली आणि फोन ठेवून रडली. मग तो रोजच फोन करू लागला. संध्याकाळी किनाऱ्याला लागला की एकच शब्द, “इलंय.” पावसाळ्यात होड्या शेडात चढल्या, नारळीपौर्णिमेला नारळ पडला, होड्या पुन्हा उतरल्या, आणि फोन येतच राहिला.

गाव आता तिला चिडवायचं. सुट्टीला आली की कोणीतरी विचारायचंच, “काय गो, तुझा ता इंजिन बंद पडला काय?” आणि त्यांचं काय चुकत होतं? प्रत्येक होडी परत आली की त्या दिवसापुरते सल्लेबुवा खरे ठरायचे आणि ती खोटी. ती खरी ठरायची तर त्याला एकच मार्ग होता. तो मनात आला की ती स्वतःच्याच थोबाडीत मारल्यासारखी दचकायची आणि संध्याकाळचा फोन यायच्या आधीच हातात धरून बसायची.

कार्तिकातल्या एका निरभ्र दिवशी फोन आला नाही.

तिने वाट पाहिली. मग आबांचा आला. वारा उठला होता, एवढंच ते पुन्हा पुन्हा म्हणत राहिले, अचानक वारा उठलो गो, सगळे इले, एकटो प्रथमेश आणि तेचो खलाशी... दोन दिवस होड्यांनी शोधलं. फळी सापडली, जाळं सापडलं. माणसं सापडली नाहीत.

अक्षता गावात पोचली तेव्हा दीक्षाच्या दारात टोपली ठेवलेली होती. गावाने आपला शब्द पाळला होता, खलाशाच्या दारातही एक टोपली गेली होती. दीक्षाच्या टोपलीत सगळ्यात वर सगळ्यात मोठी घोळ होती. आबांनी ती स्वतः उचलून आणली होती आणि ते पायरीवरच डोकं धरून बसले होते. शुभंकरचा संदेश आला. त्यात त्याने मनापासून दुःख व्यक्त केलं होतं. बाकी काही लिहायचं त्याने टाळलं.

बारा दिवस झाले. तेराव्याच्या सकाळी, अजून पुरतं उजाडायचं होतं तोवर, अक्षता किनाऱ्यावर आली. तिने ठरवलं होतं. आज ती होड्यांपुढे आडवी होणार होती. ज्याला गणित कळत नाही त्यानेही आता एक रिकामी जागा पाहिली होती. सगळ्यांसमोर एकेकाचं नाव घेऊन ती सांगणार होती की पुढचा तू असशील, आणि तू नसलास तर तू. हसायचं असेल तर हसा. तिला माहीत होतं की आज तरी ते हसणार नाहीत, कदाचित ऐकतीलही. बायका ऐकतील.

भोंगा खरखरला. एकेका होडीचं नाव, आणि ‘जा’. एक नाव आता यादीत नव्हतं, तेवढा भोंगा लवकर गप्प झाला.

माणसं होड्यांना लागली. अक्षता पुढे झाली, पहिल्या होडीच्या नाळेवर, पुढच्या टोकावर, दोन्ही हात ठेवून उभी राहिली. माणसांनी होडीवरचे हात काढले. आबांनीही. खरोखरच त्या क्षणी सगळे थांबले होते, आणि कोणीतरी तिला आवरावं याची वाट बघत नव्हते, ती काय म्हणते याची बघत होते.

तेवढ्यात गर्दीतून दीक्षा आली. पांढऱ्या कपाळाची, नऊवारीचा काष्टा मारलेली. अक्षताला वाटलं, आता आपण दोघी आहोत. तिने दीक्षासाठी जागा केली.

दीक्षाने तिच्या शेजारी येऊन तिचा हात नाळेवरून काढला. हळूच काढला, लहान मुलाचा काढावा तसा.

“वन्सं, अडवू नकात तेंका,” ती म्हणाली. “हे गेले नाय तर माझ्या दारात वाटो खंयसून येतलो?”

मग ती होडीच्या मागच्या बाजूला गेली, पाय वाळूत रोवले आणि इतरांबरोबर जोर लावून होडी पाण्यात ढकलू लागली.